बावटा किनाऱ्यावर, नौका समुद्रात

११ नोव्हेंबर २००९ च्या दुपारी 'फयान' चक्रीवादळ अलिबाग आणि मुंबई यांच्या दरम्यान जमिनीवर आले आणि पुढच्या काही तासांतच विरून गेले. वाऱ्याचा कमाल वेग ताशी ८५ किलोमीटरच्या आसपास होता. हवामान खात्याच्या प्रतवारीत हे चक्रीवादळाच्या सर्वांत खालच्या पायरीवरचे वादळ होते. बंगालच्या उपसागराने याच्या दुप्पट-तिप्पट वेगाची वादळे पाहिली आहेत, त्यामुळे देशाच्या आपत्तींच्या इतिहासात फयानला फार तर दोन ओळी मिळतात. रत्नागिरी जिल्ह्याच्या किनाऱ्यावर मात्र आजही नव्या वादळाची बातमी आली की पहिली तुलना फयानशी होते. त्या दिवशी नौका बुडाल्या आणि समुद्रात गेलेले अनेक खलाशी परत आले नाहीत. एवढ्या साधारण वेगाच्या वादळाने एवढी हानी कशी केली, याचे प्रचलित उत्तर 'अंदाज चुकला' असे आहे. मला ते उत्तर पटत नाही. वादळ ओळखले गेले होते, त्याचा मार्गही ढोबळमानाने कळला होता. चुकीची होती ती इशारा देण्याची सव्वाशे वर्षांपूर्वीची रचना. बंदरात उभ्या असलेल्या जहाजांसाठी ती आखली गेली, आणि नोव्हेंबरात माणसे बंदरात नसतात.

नोव्हेंबरचे महत्त्व समजण्यासाठी अरबी समुद्राचे वर्ष पाहावे लागते. चक्रीवादळाला कोमट पाणी लागते, साधारण साडेसव्वीस अंश सेल्सिअसच्या वरचे, आणि ते पाणी जुलै-ऑगस्टमध्येही असते. तरीही भर पावसाळ्यात कोकणासमोर चक्रीवादळ सहसा उभे राहत नाही, कारण त्या काळात खालच्या थरात नैर्ऋत्येचे जोरदार वारे आणि दहा-बारा किलोमीटर उंचीवर पूर्वेकडून येणारे तितकेच जोरदार वारे एकमेकांविरुद्ध वाहत असतात. ढगांचा उंच खांब त्या ओढाताणीत तिरका होऊन मोडतो. पावसाळा येण्याआधी मे-जूनमध्ये आणि तो ओसरल्यावर ऑक्टोबर ते डिसेंबरमध्ये ही ओढाताण सैल होते. ऑक्टोबरच्या उन्हाने समुद्र पुन्हा तापलेला असतो आणि पावसाचा पट्टा दक्षिणेकडे, श्रीलंका-कन्याकुमारीच्या बाजूला सरकलेला असतो. तिथे तयार झालेले कमी दाबाचे क्षेत्र लक्षद्वीपच्या समुद्रात उतरले की त्याला वाढायला मोकळे पाणी मिळते. यातली बहुतेक वादळे पश्चिमेकडे अरबस्तान किंवा सोमालियाकडे निघून जातात. पण हिवाळा जवळ येतो तसे उत्तर भारतावरच्या पश्चिमी वाऱ्यांतले द्रोणीय पट्टे दक्षिणेकडे झुकू लागतात. अशा पट्ट्याच्या कक्षेत वादळ सापडले की ते उत्तरेकडे आणि मग ईशान्येकडे वळते, म्हणजे थेट उत्तर कोकण आणि गुजरातच्या दिशेने.

हा योग वारंवार जुळून आला आहे. १८५४ च्या नोव्हेंबरच्या आरंभी मुंबईवर आलेल्या वादळात चार तासांत सुमारे एक हजार माणसे मेल्याची नोंद आहे. ८ नोव्हेंबर १८८८ रोजी कच्छच्या मांडवीहून मुंबईकडे निघालेली 'वैतरणा' ही आगबोट, जिला लोक 'वीजळी' म्हणत, सातशेहून अधिक माणसांसह सौराष्ट्राच्या किनाऱ्यासमोर नाहीशी झाली. १९४८ च्या नोव्हेंबरात मुंबईला पुन्हा एका वादळाने झोडपले. इथे एका खोट्या वादळाचाही उल्लेख केला पाहिजे. जून १८८२ मध्ये मुंबईत चक्रीवादळाने एक लाख लोक मेले, असे विधान जगभरच्या याद्यांत वर्षानुवर्षे छापले गेले. अमिताव घोष यांनी त्याचा माग काढायचा प्रयत्न केला, अॅडम सोबेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जुन्या नोंदी तपासल्या, आणि असे वादळ झालेच नव्हते हे स्पष्ट झाले. न झालेल्या वादळाचे एक लाख मृत याद्यांत टिकले, आणि झालेल्या वादळांतले कोळी-खलाशी त्याच याद्यांत सापडत नाहीत. शहरावरचे संकट नोंदले जाते, समुद्रातले नोंदीबाहेर राहते. इशाऱ्याच्या रचनेतही हाच कल उतरला आहे.

त्या रचनेचा जन्म कलकत्त्यात झाला. १८६४ च्या भीषण वादळानंतर १८६५ मध्ये तिथल्या बंदरासाठी इशाऱ्याची व्यवस्था सुरू झाली. १८७५ मध्ये भारतीय हवामान खाते स्थापन झाले आणि हेन्री ब्लॅनफर्ड त्याचे पहिले प्रमुख झाले. पश्चिम किनाऱ्यावर ही व्यवस्था १८८० पासून मुंबई, कराची, रत्नागिरी, वेंगुर्ला, कारवार आणि कुमठा या बंदरांत आली. म्हणजे वादळाची आगाऊ सूचना मिळण्याच्या बाबतीत रत्नागिरी देशातल्या अगदी पहिल्या काही बंदरांपैकी आहे, आणि ही गोष्ट रत्नागिरीकरांना अभिमानाने सांगता येईल. यातले विज्ञान त्या काळासाठी खरोखर मोठे होते. किनाऱ्यावरच्या वेधशाळांतले वायुभारमापकाचे आकडे तारेने एका ठिकाणी यायचे, दाब कुठे वेगाने उतरतो आहे यावरून समुद्रातल्या न दिसणाऱ्या वादळाची जागा ताडली जायची, आणि तारेनेच बंदराला हुकूम जायचा. मग काठीवर दिवसा बावटा आणि रात्री दिवे चढायचे. 'तीन नंबरचा बावटा लागला' हे वाक्य कोकणात आजही सर्वांना कळते. पण या साखळीचा शेवटचा दुवा नजरेच्या टप्प्यात संपतो. बावटा पाहून जहाजाने नांगर उचलायचा नाही, एवढाच त्याचा उपयोग. आधीच निघून गेलेल्याला तो दिसणार कसा? 'वैतरणा' बुडाली तेव्हा हिंदुस्थानातल्या सगळ्या बंदरांपर्यंत ही व्यवस्था पोहोचून दोनच वर्षे झाली होती.

आता फयानकडे वळू. नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात श्रीलंकेच्या आसपास कमी दाबाचे क्षेत्र होते. ते कन्याकुमारीच्या बाजूने अरबी समुद्रात उतरताना त्याने दक्षिणेत प्रचंड पाऊस पाडला. निलगिरीतल्या केत्ती येथे चोवीस तासांत ८२० मिलिमीटर पावसाची नोंद झाली आणि दरडींखाली चाळीसहून अधिक माणसे गेली. ९ नोव्हेंबरला लक्षद्वीपजवळच्या समुद्रात त्याचे 'डिप्रेशन' झाले. कल्पना-१ उपग्रहाची छायाचित्रे नियमित येत होती, आणि ढगांच्या वळणावरून वादळाची ताकद अजमावण्याची ड्व्होराक पद्धत वापरात होती. हे डिप्रेशन उत्तरेकडे सरकेल आणि मग ईशान्येला वळेल हा तर्क प्रारूपांनी आणि माणसांनीही बांधला होता. पण त्याची तीव्रता आणि वेग शेवटच्या टप्प्यात वाढला. 'चक्रीवादळ' हा दर्जा आणि म्यानमारने सुचवलेले 'फयान' हे नाव मिळाल्यापासून जमिनीवर येईपर्यंत पुरता एक दिवसही गेला नाही. ११ तारखेला ते रत्नागिरीसमोरच्या समुद्रातून पुढे सरकले आणि दुपारी अलिबागच्या उत्तरेला लागले.

वादळाचा दर्जा वाऱ्याच्या वेगावर ठरतो: ताशी ६२ किलोमीटरपर्यंत 'डीप डिप्रेशन', त्यापुढे चक्रीवादळ, आणि चक्रीवादळ झाल्याशिवाय नाव नाही. शास्त्रज्ञाला ही उतरंड आवश्यक आहे, तिच्याशिवाय दोन वादळांची तुलना करता येणार नाही. पण तांडेलाच्या दृष्टीने ताशी ५५ किलोमीटरचा वारा आणि ताशी ६५ किलोमीटरचा वारा यांत जीव वाचण्यापुरता फरक नाही. ज्या नौकेवर समुद्र चढून येतो तिला कोणत्या दर्जाचे वादळ आहे हे विचारायला सवड नसते. इशाऱ्याचा जोर मात्र दर्जाबरोबर वाढतो. साध्या डिप्रेशनची बातमी वर्षातून अनेकदा येते आणि बहुतेक वेळा पावसाच्या दोन सरींवर निभावते, म्हणून ९ तारखेची बातमी कानांवर पडली असती तरी तिचे वजन कमीच राहिले असते. वजन आले तेव्हा वेळ उरली नव्हती.

किती वेळ लागतो याचा हिशेब सोपा आहे. किनाऱ्यापासून साठ सागरी मैलांवर जाळे टाकून असलेली ट्रॉलर ताशी सात-आठ सागरी मैलांनी परत निघाली तर शांत समुद्रात तिला आठ-नऊ तास लागतील. समोरून किंवा बाजूने लाट असेल तर दहा-बारा. त्याआधी जाळे वर घ्यायचे, आणि मुळात बातमी कळायला हवी. २००९ मध्ये मोबाईलचा टप्पा किनाऱ्यापासून काही किलोमीटरच होता, व्हीएचएफ वायरलेस असलाच तर वीस-पंचवीस मैल, आणि आकाशवाणीची बातमी रेडिओ लावून बसलेल्यालाच ऐकू येणार. त्यात भूगोलानेही साथ दिली नाही. फयान किनाऱ्याला जवळजवळ समांतर, उत्तरेकडे जात होते. आपल्या गोलार्धात पुढे सरकणाऱ्या वादळाच्या उजव्या बाजूला वाऱ्याचा जोर जास्त असतो, कारण फिरण्याचा आणि सरकण्याचा वेग तिथे एकत्र होतो. रत्नागिरीचा किनारा आणि किनारा व वादळ यांच्या मधल्या पट्ट्यातल्या सगळ्या नौका नेमक्या उजव्या बाजूला होत्या. समांतर मार्गाची आणखी एक अडचण आहे. काटकोनात येणाऱ्या वादळाची दिशा पाच-दहा अंशांनी चुकली तर ते शेजारच्या तालुक्यात लागते. समांतर येणाऱ्या वादळाची तेवढीच चूक त्याला एका जिल्ह्यातून दुसऱ्या जिल्ह्यात नेते. त्या सुमारास चोवीस तासांच्या अंदाजात केंद्राच्या जागेची सरासरी चूक शंभर किलोमीटरच्या वर असे, आणि रत्नागिरी जिल्ह्याचा सगळा किनारा १६७ किलोमीटरचा. वादळ हर्णैला लागेल की अलिबागला, हे आदल्या दिवशी ठामपणे सांगणे तेव्हाच्या विज्ञानाला शक्यच नव्हते. पण समुद्रातल्या माणसाला ते कळण्याची गरजही नव्हती. तो ज्या पट्ट्यात होता तो सगळाच धोक्याचा होता, आणि इतके सांगण्याइतके विज्ञान हाताशी होते.

यावर पहिला आक्षेप असा येतो की मच्छीमार इशारे मानतच नाहीत. बावटा लागलेला असतानाही नौका निघतात. हे पूर्ण खोटे नाही. पण त्यामागचे कारण पाहिले पाहिजे. नारळी पौर्णिमेला सुरू झालेला हंगाम ऑक्टोबर-नोव्हेंबरात भरात असतो. सुरमई, बांगडा, पापलेट यांचे दिवस असतात. एका फेरीचे डिझेल, बर्फ, खलाशांचे राशन हे सगळे आधी उधारीवर घातलेले असते. अशा वेळी रिकामी नौका परत आणणे म्हणजे निश्चित तोटा, आणि वादळ ही शक्यता. निश्चित तोट्यासमोर शक्यतेला कमी लेखणे हे कोळ्याचेच नव्हे, कुणाही उद्योग करणाऱ्याचे वर्तन आहे. दुसरा आक्षेप याच्याशी जोडलेला आणि अधिक गंभीर आहे: प्रत्येक कमी दाबाच्या क्षेत्राला मोठा इशारा दिला तर खोट्या इशाऱ्यांनी विश्वास उडेल, आणि खरे वादळ येईल तेव्हा कुणी ऐकणार नाही. हा आक्षेप मी मान्य करतो, पण त्यातून निघणारा निष्कर्ष मान्य करत नाही. इशारे कमी करणे हा यावरचा उपाय नव्हे. इशारा नेमका करणे, म्हणजे कोणत्या पट्ट्यात, किती तासांत, किती उंचीची लाट हे सांगणे, आणि परत आलेल्याच्या खर्चाचा काही भार उचलणे, हा उपाय आहे. ऑक्टोबर २०१९ मधले 'क्यार' याचा पुरावा देते. २४ ऑक्टोबरला ते आपल्याच किनाऱ्यासमोर तयार झाले, आणि लक्ष्मीपूजनाच्या दिवशी, २७ तारखेला, त्याचे महाचक्रीवादळ झाले. २००७ च्या 'गोनू'नंतर अरबी समुद्रातले हे पहिलेच. फयानच्या कितीतरी पट ताकदीचे हे वादळ रत्नागिरीच्या पश्चिमेस दोन-अडीचशे किलोमीटरवरून पुढे गेले आणि ओमानच्या दिशेने वळले. त्या दिवसांत नौकांनी खाड्या आणि बंदरे गाठली, ऐन सणात बुडालेली कमाई सोसली, आणि फयानसारखा प्रसंग आला नाही. वादळ लागले नाही म्हणून इशारा खोटा ठरत नाही. कोळीवाड्यांनी ते ओळखले होते.

आभाळ आणि समुद्र वाचणारे जुने तांडेल असते तर हे झाले नसते, असेही म्हटले जाते. दक्षिणेकडून येणारी लांब लाट, नेहमीच्या वेळेला न सुटलेले मतलई वारे, आभाळात उंचावर पसरत गेलेले पिंजलेले ढग, या खुणा खऱ्याच आहेत आणि त्यांचे शास्त्रीय कारणही सांगता येते. पण त्या खुणा संथ वादळात दोन दिवस आधी दिसतात. वादळ तुमच्याच दिशेने वेगाने सरकत असेल तर त्याने उठवलेल्या लाटा आणि ते स्वतः यांच्यातले अंतर फार उरत नाही. अनुभवाने काही तास मिळतात, आणि साठ मैलांवरच्या नौकेला काही तास पुरत नाहीत. शिवाय पूर्वीच्या होड्या किनाऱ्याच्या नजरेत मासेमारी करत. इंजिन आले, बर्फ आला, मासळीही दूर गेली, आणि नौका चार-चार दिवस बाहेर राहू लागल्या. धंदा बदलला, बावट्याची काठी तिथेच राहिली.

फयानमधून लगेच धडा घेतला गेला असता तर आठ वर्षांनी 'ओखी'त तेच घडले नसते. २०१७ च्या नोव्हेंबरच्या अखेरीस कन्याकुमारीजवळ डिप्रेशनचे चक्रीवादळ व्हायला जेमतेम एक दिवस लागला, आणि केरळ-तामिळनाडूचे शेकडो मच्छीमार समुद्रात राहिले. त्या वेळी ६८ नौका ९५२ माणसांसह भरकटत-तरत आपल्या सिंधुदुर्गाच्या किनाऱ्याला लागल्या, त्यांतल्या ६६ केरळच्या होत्या. देवगडच्या बंदराने त्यांना जागा दिली. ओखीनंतर मात्र प्रश्न योग्य ठिकाणी विचारला गेला: किनाऱ्यावर माहिती आहे, ती समुद्रात कशी न्यायची? हैदराबादच्या इन्कॉईस संस्थेने उपग्रहावरून संदेश घेणारे 'जेमिनी' हे छोटे यंत्र ऑक्टोबर २०१९ मध्ये आणले. इस्रोच्या नाविक उपग्रहांवरून नौकांना संदेश जाऊ लागले. ३० ऑगस्ट २०२४ रोजी पालघर येथे देशातल्या एक लाख नौकांवर ट्रान्सपाँडर बसवण्याच्या योजनेचा आरंभ झाला. १८८० नंतर इशाऱ्याच्या शेवटच्या दुव्यात झालेला हा पहिला मूलभूत बदल आहे, असे मी म्हणेन. मधल्या काळात वायुभारमापकाची जागा उपग्रहाने घेतली, तारेची जागा संगणकाने घेतली, तरी शेवटचा दुवा बंदराची काठीच होता.

यंत्र बसले म्हणजे प्रश्न संपला असेही नाही. मे २०२१ मध्ये 'तौक्ते'चा अंदाज कित्येक दिवस आधी आला होता, आणि मुंबईसमोरच्या तेलक्षेत्रातल्या पी-३०५ या तराफ्यावर संपर्काची सर्व साधने होती. तरीही तो समुद्रात राहिला आणि बुडाला. त्यावरच्या २६१ जणांपैकी १८६ वाचले. संदेश पोहोचल्यावर परत फिरण्याचा अधिकार कुणाचा, आणि तो वापरल्याची किंमत कोण देणार, हा पुढचा प्रश्न आहे. पण आधीचा प्रश्न सुटल्याशिवाय तो विचारताही येत नाही. याउलट ३ जून २०२० चे 'निसर्ग' पाहा. वारा ताशी ११० ते १२० किलोमीटर, म्हणजे फयानपेक्षा बराच जास्त. दापोली-मंडणगडातली घरे उघडी पडली, नारळी-पोफळीच्या बागा आडव्या झाल्या, रत्नागिरीत मिऱ्याच्या किनाऱ्यावर 'बसरा स्टार' जहाज येऊन रुतले. तरी समुद्रातली मनुष्यहानी फयानसारखी झाली नाही. पूर्वसूचना दोन-तीन दिवसांची होती, आणि आगोटीच्या दिवसांत नौका किनाऱ्याकडे वळलेल्या असतात. जास्त वाऱ्याच्या वादळात माणसे वाचली आणि कमी वाऱ्याच्या वादळात गेली. फयानचा धोका वेगात नव्हता, तारखेत होता, हे दाखवणारा यापेक्षा स्पष्ट पुरावा मला माहीत नाही.

आणि ती तारीख अधिकाधिक महत्त्वाची होत चालली आहे. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेच्या संशोधकांनी २०२१ मध्ये दाखवून दिले की १९८२ ते २००० या काळाच्या तुलनेत २००१ ते २०१९ मध्ये अरबी समुद्रातल्या चक्रीवादळांची संख्या ५२ टक्क्यांनी वाढली. २०१९ या एका वर्षात तिथे पाच चक्रीवादळे झाली. असे यापूर्वी १९०२ मध्ये झाले होते. अंदाजही सुधारले आहेत, चोवीस तासांच्या अंदाजातली चूक आता शंभर किलोमीटरच्या बरीच खाली आली आहे. पण शेवटच्या दिवशी अचानक जोर धरणारे वादळ ओळखणे आजही जगातल्या सर्व हवामान केंद्रांना अवघड जाते, म्हणून तासांची टंचाई राहणारच. त्यातला एकही तास निरोप पोहोचवण्यात वाया जाता कामा नये.

फयानच्या केंद्राची जागा, दाब आणि वाऱ्याचा वेग यांच्या दर काही तासांच्या नोंदी हवामान खात्याच्या अहवालात आहेत. त्यांच्या शेजारी ठेवायला नौकांची बाजू हवी: त्या दिवशी कोण कुठे होते, वारा किती वाजता फिरला, बातमी कशी आणि केव्हा कळली, परतायला किती तास लागले. हे सांगू शकणारे तांडेल आणि खलाशी मिरकरवाडा, साखरीनाटे, जयगड, हर्णै इथे आहेत, पण त्या वेळी चाळिशीत असलेले आता साठीकडे झुकले आहेत. शिरगावच्या मत्स्य महाविद्यालयाने, रत्नागिरीच्या महाविद्यालयांतल्या इतिहास आणि भूगोल विभागांनी आणि मच्छीमार सोसायट्यांनी मिळून या साक्षी आताच, वेळेच्या आकड्यांसह, लिहून घ्याव्यात. पुढचा इशारा किती तास आधी समुद्रात पोहोचला पाहिजे, हे त्यांतूनच ठरवता येईल.